काझुओ-सानच्या वाट्याची बिको

जपानहून परत आल्यापासून सोसायटीतली प्रत्येक जण मला एकच प्रश्न विचारते. फुजी बघितलात का? नाही बघितला. दोनदा गेलो, दोन्ही वेळा तो ढगात होता, आणि ढग बघायला इतक्या लांब जायची गरज नसते. मग बघितलंत तरी काय, असं त्या विचारतात आणि मी गप्प बसते. मी गप्प बसले की लोकांना माझी तब्येत बिघडली असं वाटतं, कारण टेलिफोन एक्स्चेंजमध्ये सगळी नोकरी झालेली बाई मी, बोलणं हाच माझा धंदा. पण जे बघितलं ते जिन्यात उभ्याउभ्या सांगण्यासारखं नाही. म्हणून लिहूनच काढते. चिकट भाताच्या एका ताटलीची गोष्ट आहे, तेव्हा ज्यांना देवळं आणि बुलेट ट्रेन हवी आहे त्यांनी इथेच थांबलेलं बरं.

निशी-कसाई

माझा मुलगा निनाद टोक्योत हिगाशी-कसाईला राहतो. सून ऋजुता, आणि सहा वर्षांची नात इरा. तिथून चालत गेलं की निशी-कसाई येतं आणि तिथे आपल्या लोकांची दुकानं आहेत. पहिल्याच आठवड्यात मी एका दुकानात कुळथाच्या पिठाचं पाकीट उचललं, तर मागून आवाज आला, "ते नका घेऊ हो, जुनं आहे. मंगळवारी नवं येतं." वळून बघते तो आपल्या पुण्यातल्या धायरीची बाई. परदेशी आल्याचा माझा सगळा तोरा तिथेच उतरला.

घरात मात्र मी परदेशात होते. कचऱ्याचे चार डबे, आणि कुठल्या वारी काय टाकायचं ते निनादला पाठ. दह्याचा डबा मी न धुता टाकला म्हणून पोटच्या पोराने माझी शाळा घेतली. इराला मी मराठीत काही विचारलं की ती "दाइजोबू" म्हणायची. म्हणजे ठीक आहे, नको, चालेल, लागलं नाही, सगळं एकाच शब्दात. एवढ्या काटकसरीने बोलणारं माणूस आमच्या घराण्यात झालेलं नाही.

पितृपक्ष चालू होता. ह्यांना जाऊन चार वर्षं झाली. तिथीला काय करायचं, असं मी निनादला विचारलं.

"आई, गुरुजी पुण्यात करतात सगळं. मी इथून संकल्प सोडतो. लिंक येते."

"लिंक येते म्हणे! बापाला लिंकवर जेवायला बोलावणार?"

"बाबा आयटीत असते तर त्यांना चाललं असतं," तो म्हणाला, आणि मला रागातही हसू आलं. पण मनातून काही ते गेलं नाही. वडे नाहीत, खीर नाही, अळूची भाजी नाही. तिथीच्या दिवशी मुलाच्या लॅपटॉपकडे बघत बसायचं, त्यापेक्षा कुठेतरी निघून गेलेलं बरं, असं मी म्हटलं. ऋजुताने ते शब्दशः घेतलं.

तिच्या ऑफिसात मिका-सान नावाची मुलगी आहे. आई फिलिपिन्सची, वडील जपानी. वडील गेल्या हिवाळ्यात वारले. आई लिगाया उत्तरेकडे यामागाता भागातल्या एका खेड्यात, नव्वदीच्या सासूजवळ राहते. मिकाला नववा महिना लागला होता, तिला प्रवास करवत नव्हता. सप्टेंबरात जपानी लोकांचा हिगान असतो, दिवसरात्र समान होतात त्या सुमाराचा आठवडा. तेव्हा ते लोक थडगी धुतात, पूर्वजांना गोड भाताचे लाडू ठेवतात. हे ऐकल्यावर मी म्हटलं, अगं, म्हणजे पितृपक्षच की! ऋजुता म्हणाली, आई, सगळं आपल्यासारखंच असतं असं नाही. मी म्हटलं, भाताचा गोळा आणि मेलेली माणसं म्हटल्यावर अजून काय राहिलं?

लिगायाला नारळाच्या दुधाचे डबे आणि केळीची पानं हवी होती. तिच्या खेड्यात ती कुठून मिळणार? निशी-कसाईच्या दुकानात गोठवलेली पानं मिळतात. ऋजुताला तीन दिवस सुट्टी होती, त्या भागातली गरम पाण्याची कुंडं बघायची होतीच. मिकाने आईकडे राहायची सोय केली आणि आम्ही दोघी सासवा-सुना पानं घेऊन निघालो.

पानं वितळली

गाडीचं वर्णन करत नाही. ती वेळेवर सुटते आणि वेळेवर पोचते, त्यात सांगण्यासारखं काय आहे? सांगण्यासारखं एवढंच झालं की फुकुशिमा गेल्यावर वरच्या फळीवर ठेवलेली पानांची पिशवी वितळली आणि समोरच्या सुटातल्या गृहस्थाच्या खांद्यावर थेंब पडायला लागले. तो हलला नाही. वर बघितलं, पुन्हा फोनमध्ये डोकं घातलं. दुसरा थेंब, तिसरा थेंब. ऋजुताच्या लक्षात आलं तेव्हा ती उठून कमरेत वाकून माफी मागायला लागली, तसा तोही उठून वाकायला लागला. ह्याच्या अंगावर पाणी पडलं, आणि हाच माफी मागतोय! शेवटी त्याने स्वतःचा रुमाल काढून पिशवीखाली अंथरला आणि पुढच्या स्टेशनावर रुमाल तिथेच ठेवून उतरून गेला. मी तो धुऊन आणला आहे. कोणाला परत द्यायचा ते माहीत नाही.

डोंगर संपले आणि दोन्ही बाजूंना भाताची खाचरं लागली. कापणीला आलेली, पिवळीधमक. कोकणात दसऱ्याच्या आधी असतात तशीच, फक्त बांध पट्टीने आखल्यासारखे सरळ. मधेच कुठेतरी 'धाडकन्' आवाज व्हायचा. मला वाटलं लग्न आहे. ऋजुता म्हणाली, पाखरं उडवायला यंत्र लावतात.

स्टेशनावर लिगाया न्यायला आली होती. साठीला आलेली, ठेंगणी, डोक्यावर शेतातली मोठी टोपी, आणि हसणं असं की सगळी ओळख आधीच झालेली असावी. तिचं इंग्रजी माझ्यापेक्षा बरं, म्हणजे आमचं जमलं. स्टेशनमास्तरशी मात्र ती जपानीत बोलायला लागली तशी ऋजुता माझ्या कानात पुटपुटली, "आई, ही इथली खेडवळ बोली बोलतेय. मला निम्मं कळत नाहीये." तीस वर्षांहून जास्त काळ ती त्या गावात आहे. वधू म्हणून आली, तेव्हा गावात जपानी मुली लग्न करून यायला तयार नव्हत्या.

लिगायाचं घर

घर मोठं, लाकडी. आत शिरल्यावर चटयांचा वास आणि समोरच्या खोलीत काळं कपाट, उघडलं की आत सगळं सोनेरी. त्यात पूर्वजांच्या नावांच्या पाट्या, उदबत्तीचं भांडं, पेल्यात पाणी, इवल्याशा पितळी वाटीत भात. वरती भिंतीवर फोटो ओळीने लावलेले, शेवटचा काझुओ-सानचा, लिगायाच्या नवऱ्याचा. टोपी घातलेला, डोळे बारीक करून बघणारा माणूस. आमच्या देवघरात ह्यांचा फोटो ठेवायचा नाही, असं आमच्या गुरुजींनी सांगितलं म्हणून तो मी हॉलमध्ये टीव्हीच्या वर लावला आहे. इथे देवघर म्हणजेच आपली माणसं. मला ते फार बरं वाटलं.

सासूबाई ओसरीवर बसल्या होत्या. लिगाया त्यांना ओकाआसान म्हणते, म्हणजे आई. मी आपलं आजीबाई म्हणायचं ठरवलं. पाठ काटकोनात वाकलेली, पण नजर अशी तिखट की मी पदर सावरला. ड्रेस घातला होता हे नंतर लक्षात आलं. मी नमस्कार केला. त्यांनी मान वाकवली, माझ्याकडे वरपासून खालपर्यंत बघितलं आणि काहीतरी म्हणाल्या.

"काय म्हणाल्या?"

"चांगलं जेवण असणारं घर दिसतंय," लिगाया हसू दाबत म्हणाली.

रात्रीच्या जेवणाला त्या भागातला प्रसिद्ध रस्सा, अळकुड्यांचा. त्यात गोमांस घालतात. लिगायाने माझ्यासाठी वेगळ्या भांड्यात नुसत्या अळकुड्या शिजवल्या, माशाचा अर्कसुद्धा घातला नाही. अळकुडीची ती बुळबुळ आणि गरम भात. मी तीनदा वाढून घेतला. आजीबाईंचं मत मी खरं करून दाखवलं.

भाताबद्दल एक सांगायलाच हवं. आपल्याकडे भात मोकळा झाला नाही तर नव्या सुनेचं काही खरं नसतं. माझ्या सासूबाईंनी माझ्या पहिल्या भाताला 'गिचका' म्हटलं होतं आणि ते मी अजून विसरलेले नाही. इथे उलटा न्याय. शितं सुटी झाली तर भात बिघडला. चिकट तांदळाची तर जातच निराळी, मोचीगोमे म्हणतात. काझुओ-सान घरापुरता एका कोपऱ्यातल्या खाचरात तो लावायचे. लिगायाने पोत्यात हात घालून मला दाखवला, पांढराशुभ्र, खडूसारखा अपारदर्शक दाणा.

"उद्या ह्याचेच ओहागी होतील," ती म्हणाली. हिगानचे ते गोड लाडू, आत भात आणि वरून लाल चवळीसारख्या दाण्यांचं पुरण. "आणि ह्याचीच माझी बिको."

भांडी विसळताना तिने सगळं सांगितलं. बिको ही तिच्या गावाकडची गोडाची वडी, नारळाच्या दुधात आणि काळ्या गुळात शिजवलेला चिकट भात. तिकडे लग्नात असते, बारशाला असते, आणि मेलेल्यांच्या दिवशी थडग्यावरही ठेवतात. घरची माणसं ह्या भातासारखी एकमेकांना धरून राहावीत म्हणून. काझुओ-सानना ती जीव की प्राण. पण सासूला नारळाचा वास सोसत नाही, म्हणून सासू देवळात नाहीतर दवाखान्यात गेली असली तरच ती करायची. ऑगस्टमध्ये पूर्वजांचा सण झाला, नवरा गेल्यावरचा पहिला. तेव्हा लिगायाने धीर करून बिकोची ताटली त्या सोनेरी कपाटात ठेवली.

"मग?"

"ओकाआसानने ती उचलली. ओरडली नाही. स्वयंपाकघरात आणून ठेवली, वरून जाळी झाकली. म्हणाली, आत बसलेल्यांना हा वास ओळखीचा नाही."

तिने ताटली पुसली, पुन्हा पुसली.

"ओरडली असती तर मी भांडले असते. माझं भांडण चांगलं आहे," ती म्हणाली. "मिका बोलावतेय. बाळ होणार आहे, कायमचीच ये म्हणते. सासूला इथल्या वृद्धांच्या घरात जागा मिळेल. मी उद्या पुन्हा ठेवणार आहे ताटली. उचलली तर कापणी झाल्यावर मी जाते. तीस वर्षं ह्या घरात भात शिजवला. माझ्या नवऱ्याला माझ्या हातचं एकदा वाढता येत नसेल, तर हे घर माझं कशाचं?"

एरवी माझ्याकडे सल्ले भरपूर असतात. घरोघरी मातीच्या चुली, असं आपण म्हणतो, पण ते म्हणून तिचं काय भलं होणार होतं? मी नुसती तिच्या हातातली ताटली घेऊन फळीवर ठेवली.

हिगान

सकाळी स्वयंपाकघरात एकाच पोत्यातल्या तांदळाचे दोन संसार मांडलेले होते. एका कोपऱ्यात आजीबाई पाटावर बसून शिजलेला भात लाकडी बत्त्याने अर्धवट कुटत होत्या. दोन ठोसे, दम, दोन ठोसे, दम. त्यांना कोणी मदत केलेली चालत नव्हती. शेगडीजवळ लिगाया. दोघी एकमेकींशी बोलत नव्हत्या, पण आजीबाईंना ओला फडका लागला की तो न मागता लिगायाच्या हातून येत होता.

लिगायाने नारळाचं दूध कढईत आटत ठेवलं. आटता आटता तेल सुटलं आणि तळाशी तपकिरी चुरा जमला. मी ओरडलेच, "अगं, ही तर बेरी!" लोणी कढवल्यावर खाली राहते ती, साखर घालून आम्ही भांडून खायचो ती. ती म्हणाली, ह्याला लातिक म्हणतात, आणि आमच्याकडेही भांडणं होतात. मग राहिलेल्या दुधात काळा गूळ, त्यात भात, आणि घोटणं. हात दुखून येईपर्यंत घोटणं. मी थोडा वेळ घोटलं आणि नारळीभाताला मनातल्या मनात हलकं काम म्हणून टाकलं. केळीचं पान तिने आपल्यासारखंच आचेवरून फिरवून मऊ केलं.

गोळा कढईची कड सोडायला लागला तसा तिने चमचा बुडवला आणि तोंडात घातला.

"अगं, उष्टं!" मी मराठीतच किंचाळले. मग इंग्रजीत समजावलं, की मेलेल्या माणसाच्या आधी आपण चाखायचं नसतं. आमच्याकडे नैवेद्य चाखत नाहीत.

तिला ते अजिबात पटलं नाही. "चाखल्याशिवाय वाढायचं? आणि बिघडली असेल तर तो कोणाला सांगणार?"

चार वर्षं मी ह्यांच्या तिथीला खीर न चाखता वाढते आहे. एका वर्षी वेलदोडा खवट होता, ते नंतर आम्हाला जेवताना कळलं. ह्यांना बिचाऱ्यांना आधी कळलं असणार.

आणि आजच तर ह्यांची तिथी होती. निनाद आता लॅपटॉपसमोर बसला असेल. मी लिगायाला म्हटलं, माझ्या नवऱ्याचाही आज दिवस आहे, मला दोन घास देतेस का पानावर? तिने आनंदाने दिले, वर लातिकही घातली. दोन का, ते तिने विचारलं नाही.

आता पुढे जे झालं त्याला हात दाखवून अवलक्षण म्हणतात. मागच्या दारी ट्रॅक्टरची शेड आहे, तिचं छप्पर हाताला लागेल इतकं खाली. मी पान त्या छपरावर ठेवलं. एक घास ह्यांचा. दुसरा काझुओ-सानचा. आतल्या कपाटात ताटली राहील की जाळीखाली जाईल, कोण जाणे. निदान इथून तरी पोचेल, असं मला मनापासून वाटलं. मी हात जोडले आणि "काव काव" अशी हाक मारली.

पुण्यात कावळा यायला किती विनवण्या कराव्या लागतात! इथे हाकेसरशी आला. कोंबडीएवढा, चोच केवढी जाड. इकडेतिकडे न बघता एक घास घेतला, दुसरा घेतला, मग पानही फाडायला लागला. मला भरून आलं. डोळे पुसते आहे तोवर आणखी चार आले, मग किती आले ते कळलं नाही. छपरावर नुसती काळी दंगल! शेजारच्या खाचरातून एक म्हातारे गृहस्थ टॉवेल फिरवत धावत आले. ओरडत होते, आणि मला बघून मधेच कमरेत वाकतही होते. कापणीला आलेल्या शेताशेजारी कावळ्यांना आवतण देणारी बाई त्यांनी जन्मात बघितली नसणार.

ऋजुता धावत बाहेर आली. "आई! काय केलंत हे? इथे कावळ्यांना कोणी खायला घालत नाही हो! लोक जाळ्या लावतात त्यांच्यासाठी!"

मागोमाग काठी टेकत आजीबाई. हाताला पुरण लागलेलं. काय झालं, असं त्यांनी विचारलं असावं.

"खरं ते सांग," मी ऋजुताला म्हटलं. "लपवू नकोस."

बिचारीने सांगितलं. आमच्याकडे गेलेलं माणूस कावळ्याच्या रूपाने येतं, त्याने घास घेतला की ते तृप्त झालं असं मानतात. आईंनी एक घास त्यांच्या नवऱ्यासाठी ठेवला आणि एक काझुओ-सानसाठी.

शेजारचे गृहस्थ टॉवेल खाली करून उभे राहिले. आजीबाईंनी छपराकडे बघितलं. मग बोलायला लागल्या, हळू सुरुवात केली आणि आवाज चढत गेला. ऋजुताचा चेहरा कोरा. "आई, बोलीत बोलतायत. मला नाही कळत."

लिगाया स्वयंपाकघराच्या दारात उलथनं घेऊन उभी होती. आम्ही दोघींनी तिच्याकडे बघितलं. दुसरं कोण सांगणार?

"ती म्हणते," लिगाया खाली बघत म्हणाली, "माझा मुलगा कावळा नाही. त्याने जन्मभर ह्या शेतातून कावळे हाकलले."

मेले! मला धरणी दुभंगेल तर बरं असं झालं. लेकाला गमावलेल्या म्हातारीला मी तिच्याच दारात दुखावलं होतं, आणि लिगायाच्या ताटलीची जी काही आशा होती तिच्यावरही पाणी फिरवलं होतं. मी हात जोडले. पण आजीबाई थांबल्या नव्हत्या. काठी शेडच्या दाराकडे रोखून त्या तावातावाने बोलत होत्या, आणि लिगायाचा चेहरा बदलत चालला होता.

"काय म्हणतायत?"

"ती म्हणते..." लिगाया म्हणाली. "तीस वर्षं ह्या शेडमध्ये लपून तो ही बिको खायचा. मला काय माहीत नव्हतं? तोंडाला नारळाचा वास घेऊन माझ्या शेजारी जेवायला बसायचा. तेव्हा शेडमध्ये लपून खाल्लं, आणि आता मेल्यावर छपरावर बसून खायचं? पाखरासारखं? माझ्या मुलाने?"

आजीबाईंनी शेवटचं वाक्य म्हटलं आणि काठी आपटली. लिगाया बोलेना. तिने उलथनं छातीशी धरलं होतं. त्या तिच्याकडे बघत उभ्या राहिल्या, पुन्हा काठी आपटली, जणू सांग ना त्या बाईला.

"यायचं असेल तर घरात ये म्हणावं," लिगाया म्हणाली. "हातपाय धू, आणि बसून... बसून नीट खा."

शेवटचे शब्द तिने कसेबसे काढले आणि मग ती रडली. ऋजुता रडली. मी तर आधीपासून रडत होतेच. आजीबाईंना आम्हा तिघींचा वैताग आला असावा, कारण त्या वळून आत निघून गेल्या.

आम्ही आत गेलो तेव्हा त्या कपाटासमोर गुडघे टेकून बसल्या होत्या. ओहागींची ताटली त्यांनी मधून उचलून बाजूला सरकवली होती. मध्ये जागा रिकामी होती. लिगायाने बिको आणली, केळीच्या पानावर चौकोनी वडी, वर लातिक. ताटली कपाटाच्या कडेला खटखटली. ठेवली. आजीबाईंनी नाक मुरडलं, वास सोसत नव्हता तो नव्हताच. पण हात पुढे करून ताटली जराशी फिरवली, फोटोच्या बाजूला तिचं तोंड केलं, आणि वाटीसारखी घंटा वाजवली. तिचा नाद बराच वेळ खोलीत राहिला. सगळ्यांनी डोळे मिटले. मी एकटीने उघडे ठेवले होते, कारण मला बघायचं होतं.

कावळा काझुओ-सान नव्हता असा निकाल लागल्यावर दोन्ही घास कोणाच्या पोटात गेले, हे मला कळलंच. आमचे हे तसेच होते. परक्याच्या पंगतीतसुद्धा शेजारच्या पानावरची जिलबी विचारून उचलायचे. ह्या वेळी विचारलंही नाही. पण माझ्या जिवाला कितीतरी दिवसांनी स्वस्थता वाटली.

दुपारी थडगं धुऊन आलो आणि कपाटातलं सगळं उतरवून सगळ्यांनी खाल्लं. तिकडेही प्रसाद असाच वाटून खातात. बिको मला कशी लागली ते सांगायचं राहिलंच: आधी गूळ, मग खारट-गोड बेरी, आणि मग चावत राहावं लागतं, घाईने खाताच येत नाही. आजीबाईंना चिकट भात घशात अडकू नये म्हणून लिगायाने करंगळीच्या नखाएवढा तुकडा चिमटीत धरून भरवला. त्यांनी तो खूप वेळ चघळला. चांगलं म्हणाल्या नाहीत. वाईटही म्हणाल्या नाहीत. पाणी मागितलं.

संध्याकाळी मिकाचा फोन आला. लिगाया ओसरीवर बसून बोलत होती, थोडं जपानी, थोडं तिच्या गावचं, थोडं इंग्रजी. मिका पलीकडून तेच विचारत असणार, कापणी झाल्यावर कायमची येतेस ना? आत आजीबाई सगळे दिवे मालवत फिरत होत्या, विजेचं बिल लिगाया भरते तरी. ऋजुता माझ्याजवळ येऊन बसली आणि हळूच म्हणाली, "आई, ती मिकाला सांगतेय, तुझ्या बाळंतपणाला येते. महिनाभर राहते, तुला तेल-पाणी करते."

"आणि मग?"

ऋजुताने कान दिला. लिगाया फोनवर हसत होती, गालावरून पाणी वाहत होतं ते तिने पुसलं नाही.

"मग म्हणतेय, मला घरी सोड."